आधी वाजलेला नगारा

नगर,
१२ सप्टेंबर

प्रिय जहिरा,

पस्तीस वर्षांनी पत्र येतंय, तेही गढीवरच्या सुरेखाचं, म्हणून न वाचता फाडू नकोस. तुझी भाची अंजुम आमच्या शाळेत शिकवते. तुझे अब्बा, आमचे शमशेरचाचा, तुझ्याकडे नेवाशातच असतात, त्यांना ऐकू कमी येतं, हे तिच्याकडूनच कळलं. तरीही हे पत्र तू त्यांना वाचून दाखवावंस, आणि दसऱ्याच्या आत.

दसऱ्याला टीव्हीवर आमच्या घराण्यावरची फिल्म लागणार आहे. आबासाहेब गेले, त्यांचा दरबार पाहिलेली घरातली मी एकटीच उरले, म्हणून 'शेवटच्या दरबाराची साक्षीदार' मी. गेल्या महिन्यात ती मंडळी गढीवर आली. मला नथ घालायला लावली, मांडीवर भाड्यानं आणलेली तलवार ठेवली. दिग्दर्शक म्हणाला, "मॅडम, जरा राजेशाही बसा की. शाळेतल्या बाई वाटताय." मी आहेच शाळेतली बाई. तरी ताठ बसले.

दसऱ्याच्या दरबारातला नगारा का बंद पडला, असं त्यानं विचारलं. मी म्हणाले, "काळ बदलला. मानकरी शहराकडे गेले." वर एक उसासाही सोडला. "क्या बात है, मॅडम! काटा आला अंगावर," तो म्हणाला. घरी येऊन मी दोनदा चूळ भरली. चव गेली नाही.

तुम्ही काही शहराच्या ओढीनं गेला नव्हतात. त्या दसऱ्याला आपण दोघी अकरा वर्षांच्या. आबासाहेब गादीवर बसले की मी सज्ज्यातून गुलाबी रुमाल हलवायचा आणि तो दिसला की खाली चाचांनी नगाऱ्यावर टिपरी टाकायची, अशी रीत. त्या वर्षी आबासाहेब देवघरातून बाहेर यायच्या आधीच नगारा वाजला. पाहुणे आलेले मामासाहेब नको तिथे, म्हणजे थेट गादीवरच ऐसपैस टेकले होते, आणि मानाचा नगारा त्यांच्यासाठी वाजला! सगळं गाव खो खो हसलं. आबासाहेबांनी चाचांना पायातला जोडा डोक्यावर घेऊन चौकात उभं केलं. "लेकरांम्होरं तरी नगं, सरकार," आमच्या स्वयंपाकघरातली झुंबरबाई तेवढी म्हणाली. चाचा एकच वाक्य बोलले, "सरकार, रुमाल दिसला हुता." आठवड्याच्या आत तुम्ही गाव सोडलंत. अंजुम सांगते, चाचा अजून म्हणतात, माझ्या डोळ्यांनीच मला दगा दिला. उरुसात कुणी टिपरी पुढं केली तरी हात मागं घेतात.

हे ऐकल्यावर मी दिग्दर्शकाला फोन केला, माझं बोलणं काढून टाका म्हणाले. तो म्हणाला, "एडिट झालंय, मॅडम. पण खरं सांगताना रडणार असाल तर दुसरा भाग करू." मी फोन ठेवला. किळस त्याची आली की माझी, ते ठरवता आलं नाही. त्यानं मला खोटं बोलायला सांगितलं नव्हतं.

दहाव्या वर्षापासून मी रोजची डायरी लिहिते, तू हसायचीस. त्या दिवसाचं पान काढलं. लिहिलंय, 'आज शमशेरचाचा चुकले.' जिथं कुणीच वाचणार नव्हतं, तिथंही. ते पान सोबत ठेवलंय.

सज्ज्यातून माणसं दिसत नाहीत, जहिरा, फेटे दिसतात. मामासाहेबांचा फेटा आबासाहेबांसारखाच केशरी होता. मी रुमाल हलवला. नंतर आबासाहेबांनी वर बघून मला विचारलं, "ताईसाहेब, तुम्ही रुमाल दाखवलात?" मी मानेनंच नाही म्हणाले. रुमाल तेव्हा माझ्या मुठीत होता. माफी मागत नाही, मागितली तर बरं मलाच वाटेल. फक्त चाचांच्या कानाशी तोंड नेऊन मोठ्यानं सांग, रुमाल दिसला होता.

आडनाव न लावता, तुझीच,
सुरेखा