कबड्डीवाला डिफेन्स कोच

२ जाने., शुक्र.
जिंकलो, १४-६. तरी डोकं तापलंय. मॅचनंतर क्लबच्या व्हिडिओवाल्यासमोर आमचा हेड कोच डेरेक छाती फुगवून सांगत होता, "द चेन इज माय सिस्टिम." तुझी? ती साखळी अलिबागच्या मातीतली आहे रे! चढाईवाल्याला दोन्हीकडून कसं कोंडायचं ते मी या अमेरिकन फुटबॉलवाल्यांना शिकवलं. सहा वर्षांपूर्वी इथं बहरीनमधे, जनाबियाच्या एका कंपाउंडमधे एसी दुरुस्त करायला गेलो होतो. शेजारच्या मैदानावर ही दांडगी माणसं एका पळणाऱ्याला पाडू शकत नव्हती. बघवेना. कंपनीच्या युनिफॉर्मवरच आत शिरलो आणि घोटा पकडून दाखवला. तेव्हा हाच डेरेक टाळ्या पिटत होता. पहिल्या वर्षी असिस्टंट, दुसऱ्या वर्षापासून डिफेन्स माझा. आज व्हिडिओत माझं नावसुद्धा नाही.

९ जाने., शुक्र.
हरलो, ७-१०. सेमीत आहोत तरीही. पण ते राहू दे.
युसुफ. माझ्या डिफेन्सचा मधला खांब. बहरीनचाच, बँकेत नोकरी, चार वर्षं माझ्या हाताखाली. तिसऱ्या क्वार्टरला समोरच्याच्या डोक्यावर त्याचं डोकं आदळलं. आवाज बाकापर्यंत आला. उठला, हसला, आणि चालत जाऊन समोरच्या टीमच्या घोळक्यात उभा राहिला. लोक हसले. मी नाही.
बाहेर काढला. डेरेक धावत आला, "ही इज फाइन, रमेश! पुट हिम बॅक!" मी युसुफचं हेल्मेट काढून घेतलं आणि त्यावरच बसलो. मॅच संपेपर्यंत उठलो नाही. डेरेकनं काय काय शिव्या दिल्या त्या इथं लिहीत नाही.

१० जाने., शनि.
युसुफला डॉक्टरकडे मीच नेला. कंकशन, म्हणजे मेंदूला मार. तीन आठवडे धावणंसुद्धा बंद. कागदावर लिहून दिलंय.  गाडीत युसुफ एकदम म्हणाला, "कोच, सेमी इज फ्रायडे." मी म्हटलं, मफी सेमी, सेमी-बिमी काही नाही. उतरताना दार आपटलं त्यानं.

१३ जाने., मंगळ.
ड्यूटीमुळे प्रॅक्टिसला वीस मिनिटं उशीर झाला. पोचलो तर युसुफ हेल्मेट घालून टक्करीच्या रांगेत उभा! डेरेकच्या हातात शिट्टी. कागद त्याला दाखवला होता मी. स्वतः, शनिवारीच.
ओरडलो. मराठीत, हिंदीत, जे तोंडात आलं त्यात. डेरेक शांतपणे म्हणाला, "यू आर अ कबड्डी गाय, रमेश. धिस इज फुटबॉल." सगळ्या टीमसमोर. दोघे-तिघे खाली बघत राहिले. एकजण हसला. त्याला टॅकल मीच शिकवला होता, एक एक पाऊल धरून.
युसुफला दंडाला धरून बाहेर आणलं. त्यानं हात झटकला.

१४ जाने., बुध.
सुनंदा म्हणते, "सोडून द्या ना. तुमचं कोण ऐकणार तिथं? नोकरी थोडीच आहे ती." मुलगी मोबाइलमधून मान वर न करता, "बाबा, इट्स जस्ट अ गेम."
दोघींवर खेकसलो. मग सुनंदाला सांगितलं. लग्नाला इतकी वर्षं झाली, कधी बोललो नव्हतो. आमच्या मंडळातला प्रकाश. तालुक्याची फायनल, कॅप्टन मी. पकडीत प्रकाश डोक्यावर पडला. लिंबूपाणी पाजलं. तो म्हणत होता, रम्या, दोन-दोन दिसतंय रे. आणि मी म्हणालो, "ऊठ, नाटकं करू नकोस." उठला. पुन्हा पडला. फायनल जिंकली आम्ही. आता गावी गेलो की तो ओटीवर बसलेला असतो, मला बघून विचारतो, कुणाचा तू?
 सुनंदानं ताट वाढलं, समोर बसून राहिली.

१५ जाने., गुरु.
सकाळीच क्लबच्या अध्यक्षांना फोन केला. ते म्हणाले, कोण फिट, कोण नाही ते डेरेक ठरवेल, तू डिफेन्स बघ. वा!
दुपारी जेवणाच्या सुट्टीत डॉक्टरच्या कागदाचा फोटो लीगला पाठवला. सोबत चार ओळी, खाली माझं नाव.  
संध्याकाळी लीगचं उत्तर: युसुफ खेळणार नाही. तासाभरात डेरेकचा मेसेज: तूही येऊ नकोस. आणि त्यानंतर युसुफचा: "यू फिनिश्ड मी, कोच."
हाच शब्द सगळ्यात लागला.

१६ जाने., शुक्र.
तरी गेलो. तारेच्या कुंपणाबाहेर उभा. ०-२१. साखळी पहिल्या दहा मिनिटांतच तुटली. कोपऱ्यातला पुढे धावला, मधली जागा उघडी, कुणी कुणाला हाक देईना. तिसऱ्यांदा पॉइंट गेले तेव्हा मला आनंद झाला. झाला, खोटं कशाला लिहू? आणि स्वतःची किळस आली. माझीच पोरं ती.

१८ जाने., रवि.
युसुफची बायको मरियम हिचा फोन. ऑफिसातून येताना तो बुदैया हायवेवर दोनदा घराचं वळण चुकला. रोजचा रस्ता. गाडी बाजूला घेऊन रडत बसला होता. "थँक यू," म्हणाली. कशाचं थँक यू? शुक्रवारीच मैदानावरून त्याला थेट हॉस्पिटलला नेला असता तर? मंगळवारी मी वेळेवर पोचलो असतो तर?
बरोबर ठरल्याचा काडीचा आनंद नाही. डेरेकला फोन करून हे सगळं ऐकवलं.  म्हणाला, "आय डिडन्ट नो." कागद तुझ्या हातात दिला होता रे, हरामखोरा! फोन मीच ठेवला.

२४ जाने., शनि.
अध्यक्षांचा निरोप: पुढच्या सीझनला परत ये, फक्त टीमसमोर डेरेकला सॉरी म्हण. सॉरी! सुनंदा म्हणाली, "म्हणायचं तर माझ्यासमोर म्हणून दाखवा आधी." पहिल्यांदाच माझ्यापेक्षा ती जास्त चिडलेली दिसली.
दुपारी युसुफ घरी आला, मरियम गाडी चालवत होती. उजेड सोसत नाही, घरातही काळा चष्मा. चहा घेतला. डोकं दुखतं म्हणाला, नावं विसरतो. माझ्यावरचा राग गेलाय का ते कळलं नाही, मीही विचारलं नाही. निघताना दारात थांबला.
"कोच, आय विल प्ले अगेन, राइट?"
इथं 'नाही' म्हणायचं नसलं की सगळे इंशाल्ला म्हणतात. मला ते म्हणवेना. 'नाही' पण म्हणवेना. त्याच्या खांद्यावर हात ठेवला. तो उत्तराची वाट बघत उभा होता, आणि मरियम खालून हॉर्न वाजवत होती.