चिलीमटेकडीवरचं मौन

चिलीमटेकडी, उदगीरकडं
गुरुवार, दि. २० नोव्हेंबर २०२५

चि. अंबिकास गुणाआत्याचा आशीर्वाद.

इकडं सगळं बरं हाय असं लिवायची रीत हाय, म्हून लिवलं. शिवांशला दात आले असतील. जावईबापूंना शरणार्थ सांग.

तू माझा नंबर बंद करून ठिवलायस, म्हून हा कागद. दूधवाला व्यंकट आज दुपारी नांदेडला सासरवाडीला चाललाय, तो तुझ्या दवाखान्यात हातात आणून देईल. फाडायचा असंल तर वाचून फाड. मी चौथी शिकलेली बाई, येवढं लिवायला माझी बोटं वाकडी झाली.

थंडी पडली की टेकडीवर गोरे येतात, तुला माहीतच हाय. तुझ्या लहानपणी जटा वाढवलेले, गांजा ओढणारे यायचे, म्हून गावानं चिलीमटेकडी नाव पाडलं. ते सगळे आता गुडघे धरून चढतात. नवीन येतात ते पुण्याचे कॉम्प्युटरवाले, बगलेत चटई मारून. मिरची नको, कांदा नको, भाकर कडक लागती. पाठभर नाग गोंदलेली एक गोरी पोरगी हाय, हिंदी शिकलीय. मला म्हणती, "अम्मा, आप कितनी शांत हैं." मी म्हणलं, "पीठ मळतीस का?" तर खरंच बसली मळायला.

यंदा गर्दी लई. तुझा बाप मौनात हाय म्हून.

तू म्हणशील, मी सात वर्षांची असल्यापासून तो माझ्याशी मौनातच हाय. बरोबर हाय तुझं. तुमाला टाकून तो वर आला, आन मी रांडमुंड बाई, मागनं त्याच्या भाकरी थापायला आले. तुझ्या आईनं मरस्तोवर माझं तोंड बघितलं न्हाई. तिचं बी बरोबर होतं.

मधी उठून डाळ निसून आले. डाळ निसायची काही गरज नव्हती.

इथं सगळे त्याला अप्पा म्हणतात. फाटकावर पाटी लावलीय तीन भाषांत: अप्पांचे मौन, शिवरात्रीपर्यंत. सकाळी नऊ ते अकरा त्याला ओट्यावर बसवतात, लोक समोर बसतात. त्याच्या डाव्या डोळ्यातनं पाणी गळतं, त्याला आनंदाश्रू म्हणतात. कधी घशातनं ओ ओ असा आवाज निघाला की सगळे डोळे मिटून ओ ओ करतात. डाव्या हाताला चिंधी बांधलेली हाय, आत त्याचं गळ्यातलं लिंग. कुणीतरी त्याचा फोटो काढला. आता चांगली शिकली-सवरलेली माणसं डाव्या हाताला फडकं बांधून बसून राहिलेत.

अंबू, तो मौनात न्हाई. त्याला लकवा मारलाय.

दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी तो पूजेला बसला होता. मी दूध घेऊन आत गेले तर लिंग भुईवर पडलेलं. आपल्या लिंगायतांत जल्मापासून गळ्यातलं लिंग भुईला टेकू देत न्हाईत, आन माझा अण्णा नुसता त्याच्याकडं बघत होता, हात उचलत नव्हता. मला रागच आला. म्हणलं, "अण्णा, हे काय?" त्यानं तोंड उघडलं तर एका बाजूनं लाळ आली. शब्द न्हाई.

बाहेर चाळीस माणसं खोळंबली होती, दार वाजवून राहिली होती. चुलीवर उप्पीट लागत होतं. मला धीर कधीच नव्हता, तुला ठावं हाय. मी लिंग उचललं, धुतलं, त्याच्या तळहातावर ठिवलं. बोटं मिटंनात म्हून पदराची चिंधी फाडून बांधली. आन दारात येऊन म्हणलं, "आज मौन धरलंय. कल्ला करू नका."

येवढंच. त्या सकाळपुरतं. वाटलं, तेलानं चोळीन, उन्हात बसवीन, दुपारपर्यंत बोलंल. संध्याकाळी पाटी लागली होती.

चौथ्या दिवशी मी आनंदराजला खरं सांगितलं. ट्रस्टचं सगळं तोच बघतो. तो म्हणला, "गुणाबाई, मौन हाय हे तुमीच सांगितलं ना? मग आता अप्पांचं व्रत तुमीच मोडणार?"

"व्रत न्हाई ते. लकवा हाय. डॉक्टर आण."

"डॉक्टरला काय कळतं यातलं. तुमी तुमच्या भाकरी बघा."

मी भाकरी बघितल्या. सात आठवडे बघितल्या.

का, ते बी लिवते. हाकललं तर मी कुठं जाणार, हे एक. आन दुसरं म्हंजे, अप्पांच्या मनातलं हिलाच कळतं म्हून लोक माझ्या बी पाया पडायला लागले. मोठे मोठे साहेब वाकायचे. आजवर मला कुणी बस म्हणलं न्हाई, ते मला गोड लागलं. लिवलं एकदाचं.

कालपासून त्याचं अंग तापलंय. पेज गिळताना ठसका लागतो, छातीत घरघर हाय. तू रोज असली माणसं बघतीस, मी काय सांगून राहिले ते तुला कळंल.

आन काल आनंदराज दोन गवंडी घेऊन आला. मागं बेलाखाली जागा बघितली. आपल्यात बसवून पुरतात, तेवढा खड्डा, वर संगमरवर. एका गवंड्यानं ओट्यासमोर उभं राहून काठीनं त्याच्या बैठकीचं माप घेतलं. अण्णाला समजलं. त्याला सगळं समजतं अंबू, ऐकू बी येतं. माप घेऊन होईस्तोवर तो माझ्याकडंच बघत होता. मी चहाचे कप उचलून आत गेले.

रात्री झोप आली न्हाई म्हून आज लिवतेय असं समजू नकोस. मला भ्या वाटलं म्हून लिवतेय.

व्यंकटचे दोघं भाऊ अण्णाला खुर्चीवर घालून पायऱ्या उतरवायला तयार हायत. पर आनंदराज म्हणतो, पोटचं लेकरू सही करंल तरच खाली नेऊ देईन, बहिणीचं चालत न्हाई. कायदा त्यानं मनानंच केला असंल, पर फाटकावर माणसं त्याची हायत. तू आलीस तर त्याला तोंड राहणार न्हाई. दवाखान्याचे कपडे घालूनच ये. गाडी पायऱ्यांपाशी लावून ठिव.

उद्या नऊला सगळे बसले की मी मधी उभी राहून सांगणार हाय. मौन मी सांगितलं, खोटं सांगितलं. लोक थुंकले तर थुंकू देत.

बाप म्हून येऊ नकोस. बापासारखं त्यानं काही केलं न्हाई, मी त्याची बाजू घेणार न्हाई. रस्त्यात अनोळखी म्हातारा पडलेला दिसला तर तू गाडी थांबवशील का न्हाई? तेवढंच कर. नंतर तुला माझं तोंड बघायचं नसंल तर मी दवाखान्याच्या बाहेरच बसंन.

तू न्हाई आलीस तरी मी नऊला बोलणार. आन फाटक न्हाई उघडलं तर मागच्या पायवाटेनं मी त्याला पाठुंगळी घेऊन उतरणार. सात आठवडे पेजेवर हाय. आता तो मला पेलतो.

तुझ्या बापाला मुका ठिवणारी,
गुणाआत्या