माझ्या समक्ष

मंगळवार, ३ मार्च

दीड तासाचं रेकॉर्डिंग — आणि सगळं काळं! कोपऱ्यातल्या चौकटीत माझ्या लेकीचे, मुंगीचे, दोन हात तेवढे दिसतायत, एक कीबोर्डवर, एक माउसवर. बाकी नुसती काळी पाटी. मी चुकीची खिडकी निवडली म्हणे. ‘आई, खेळाची विंडो निवडायची असते गं!’ मला कुठून कळणार? माझा जन्म कवळ्या घासण्यात गेला.

लिहून ठेवते, नाहीतर उद्या परत तेच. आधी खेळ उघडायचा. मग रेकॉर्डर. त्यात खेळाची खिडकी निवडायची. हातांवरचा कॅमेरा दिव्याच्या दांड्याला चिमट्याने लावायचा. मग लाल बटण. ठिपका लुकलुकला की चालू.

हे सगळं कशासाठी, तर पोरीवर आळ आलाय. पाच जणींची त्यांची टीम. पडक्या इमारतींत समोरच्या पाच जणांना शोधायचं आणि टिपायचं, असा खेळ. मला कधी कळला नाही, मी कधी विचारलंही नाही. पण मुंगी त्यात एवढी पुढे गेली, की पुढच्या महिन्यात मोठ्या सभागृहात, माणसांसमोर अंतिम सामना. आणि आता कुणीतरी तक्रार केली — ही भिंतीपलीकडचं दाखवणारा चोरटा प्रोग्राम वापरते. समितीचं पत्र आलं. दहा मॅच घरी खेळायच्या, एकही सेकंद न कापता रेकॉर्ड करायच्या — पडदा, आवाज, हात, तिन्ही. वीस तारखेपर्यंत पाठवायच्या. अठरा पूर्ण नाहीत, म्हणून पालकाने शेजारी बसायचं आणि शेवटी सही करायची: ‘माझ्या समक्ष, कोणतीही गैर मदत न घेता खेळली.’

ह्यांचं काम बाहेरगावी, मशीन बसवायचं, मे महिन्याशिवाय सुट्टी नाही. म्हणजे पालक मीच.

बुधवार, ४ मार्च

आज चित्र आलं. आवाज नाही! काखेत कळसा आणि गावाला वळसा — आवाजाचं बटण तिथेच खाली होतं, बंद.

शुक्रवार, ६ मार्च

दोन मॅच नीट झाल्या. आवाजाच्या हिरव्या पट्ट्या नाचल्या की सगळं ठीक, हे आता समजलं. मॅच सुरू झाली की आधी पट्ट्यांकडे बघते. मुंगीच्या कानांवर हेडफोन, त्यामुळे मला खोलीत काहीच ऐकू येत नाही. नुसत्या कळांची टकटक.

पाचला दातांच्या लॅबमधून, त्या मशीनच्या घरघरीतून सुटायचं, साडेपाचला घर, हात धुऊन थेट खुर्चीत. नखांतलं मेणही निघत नाही. कंबरेचा काटा ढिला झालाय. पण चोर सोडून संन्याशाला फाशी, हे मी माझ्या पोरीच्या बाबतीत होऊ देणार नाही.

रविवार, ८ मार्च

फाईली केवढ्या मोठ्या! कॉम्प्युटर भरला. काय पुसायचं? मुंगी म्हणाली, ‘माझे जुने गाण्याच्या क्लासचे व्हिडिओ पुस.’ मी नाही म्हटलं. ती म्हणाली, ‘बेसूर होते गं मी.’ असू दे बेसूर. शेवटी माझ्या कामाचे फोटो पुसले — एकोणीस वर्षांच्या कवळ्या! इतकी अनोळखी तोंडं, एका बटणात गेली.

ह्यांचा फोन आला. ‘कशी खेळते?’ म्हणाले. मी म्हटलं, काय ठाऊक, मला दोनच गोष्टी कळतात, मेली आणि नाही मेली. हसले. मुंगीशी बोलायचं होतं त्यांना, पण तिने नुसतं ‘बरी आहे’ म्हणून फोन परत दिला. पत्र आल्यापासून तोंडातल्या तोंडात बोलते.

मंगळवार, १० मार्च

आज मॅच चालू असताना खुर्चीत डोळा लागला. जाग आली तेव्हा पोरगी हरून बसली होती, हसत. ‘आई, तू घोरत होतीस. कॅमेऱ्याच्या माइकमध्ये आलंय सगळं. समिती ऐकणार.’

पत्र आल्यापासून पहिल्यांदा हसली. घोरणं कामी आलं म्हणायचं.

बुधवार, ११ मार्च

सहा झाल्या. पाठ भरून आलीय.

गुरुवार, १२ मार्च

आज खेळ जरा कळायला लागला. सारखं बघून बघून. मुंगीचे हात बघत होते — डावी करंगळी कायम एका कळीवर टेकलेली. मी विचारलं, हे काय? ‘ती दाबली की हळू चालता येतं. हळू चाललं की आपला आवाज होत नाही.’ म्हणजे एवढंसं बोट सगळा वेळ श्वास रोखून बसल्यासारखं! माझ्या हातातही अशीच एक करंगळी आहे, कवळी फिरवताना खाली आधाराला असते. तिला दाखवली. दोघींनी करंगळ्या शेजारी ठेवून पाहिल्या. अगदी सारख्या.

लॅबमध्ये शेजारच्या टेबलवरच्या बाईंना हे सांगितलं. म्हणाल्या, ‘तुमचाच हात आणि तुमचाच डोळा घेतलाय पोरीने.’ लॅबमध्ये माझ्या डोळ्याचं नाव आहे खरं. केसाएवढा फरक असला तरी साचा परत पाठवते मी.

रविवार, १५ मार्च

दहावी झाली! आणि काय झाली! टीममधल्या चौघी मेल्या, ही एकटी उरली, समोर तीन. मी टाळ्या वाजवायला लागले तर डोळे वटारले तिने — रेकॉर्डिंग चालूय! मग एक, दोन, तीन. तिघांनाही टिपलं. हेडफोन काढून माझ्या गळ्यात पडली. सतरा वर्षांची घोडी, पण मांडीवर येऊन बसली.

त्यांची कॅप्टन नर्सिंग शिकणारी मुलगी आहे, कुठल्याशा दुसऱ्या गावी. तिने फोनवर ओरडूनच सांगितलं, ‘काकू, लवकर सही करा आणि पाठवा, या दहाव्या मॅचनंतर कोणाची बोलायची हिंमत होणार नाही!’

सोमवार, १६ मार्च

सही करायच्या आधी दहावी पुन्हा बघितली. हौसेने. मुंगी क्लासला गेली होती.

बघायला नको होती.

ते शेवटचे तिघे. मी थांबवत थांबवत बघितलं, साचा बघते तसं, एकेक चित्र. मुंगी जिन्याखाली उभी आहे. समोर रिकामा बोळ. डावीकडे भिंत. ती एकदम डावीकडे वळते आणि भिंतीच्या कोपऱ्यावर नेम धरून थांबते. तिथे कोणी नाही. काहीच नाही! मग मी मोजलं, एक, दोन — आणि बरोब्बर तिथून माणूस बाहेर येतो. पुढचा तसाच. तिसरा तर पाठीमागून येत होता, ही आधीच वळलेली.

हेडफोन लावले. आवाज पूर्ण मोठा केला. वारा आहे. लांबून स्फोट. छपराचा पत्रा धडधडतो. बाकी काही नाही.

मग आधीच्या मॅच काढल्या. चौथी. सातवी. तिथेही तेच. रिकाम्या जागेवर नेम, आणि मग माणूस.

क्लासहून आली, हात धुतले, चहा प्यायली. मी काही बोलले नाही.

मंगळवार, १७ मार्च

बोलले.

म्हटलं, इथे तुला कसं कळलं? ती वाकून बघते, म्हणते, ‘पावलं ऐकू आली.’

‘कुठली पावलं?’

‘काचा पडल्यात तिथे खाली. त्यावर पाय पडला की कुरकुर होते. थांब.’ हेडफोन माझ्या कानांवर घातले, मागे नेऊन लावलं. ‘आत्ता बघ — ही — ही — ही! डाव्या कानात.’

मी म्हटलं, वारा आहे नुसता.

‘अगं, नीट ऐक ना!’ परत लावलं. परत. बोटाने टेबलावर ठोका देऊन दाखवत होती, टक, टक, टक. मला वारा, पत्रा, स्फोट. तीन वेळा ऐकलं, चार वेळा ऐकलं.

मी म्हटलं, ‘मला काही ऐकू आलं नाही.’

तिने हेडफोन माझ्या कानांवरून काढले. ‘तू मुद्दाम करतेयस?’

आणि मग मी ते बोलले. ‘मुंगी, दहा दिवस तुझ्या शेजारी बसले मी. लॅबमधून येऊन, पाठ न टेकता. तुझ्यासाठी जगाशी भांडले असते. पण मला खोटं गिळायला लावू नकोस. काय वापरतेस ते सांग, आपण दोघी मिळून निस्तरू.’

ओरडेल असं वाटलं होतं. ओरडली नाही. हेडफोनची वायर गुंडाळली, खणात ठेवली. म्हणाली, ‘समितीतल्या कुणीही म्हटलं असतं तर चाललं असतं.’

दार लावून घेतलं. जेवली नाही. मीही नाही.

बुधवार, १८ मार्च

ह्यांना फोन केला. सगळं सांगितलं. मग म्हणाले, ‘तुझी काही चूक तर नाही ना? फाईल पाठव, मी बघतो.’ एवढी मोठी फाईल त्यांच्या तिथल्या नेटवर जाणार नाही. मग म्हणाले, ‘तू बघितलंस म्हणजे संपलंच. तुझा डोळा चुकलेला मी तरी पाहिला नाही.’

त्यांनी भांडायला हवं होतं माझ्याशी.

गुरुवार, १९ मार्च

कॅप्टनचा फोन. ‘काकू, उद्या शेवटचा दिवस. काय अडलंय?’ मी म्हटलं, सही अडलीय. ‘पण तुम्ही तर शेजारीच होता ना?’ होते. म्हणूनच अडलीय.

तिला काय सांगणार? पोरीची अब्रू मीच कशी वेशीवर टांगू? फोन ठेवला.

कागद समोर आहे. ‘माझ्या समक्ष.’ सही करून टाकावी असं शंभर वेळा वाटलं. कोण विचारतंय? आई आहे मी तिची. दुसऱ्याची आई करेलही. पण एकदा ही सही केली की ती जन्मभर माझ्याकडे बघून म्हणणार, आईलाही चालतं. पेन उघडलं, बंद केलं. उघडलं, बंद केलं.

मुंगीने एकदाही विचारलं नाही. एकदा विनवणी केली असती तर केली असती का सही? माहीत नाही. बहुतेक केली असती.

शुक्रवार, २० मार्च

नाही पाठवलं.

संध्याकाळी तिच्या खोलीच्या दाराशी उभी राहिले. म्हटलं, वेळ गेली. आतून काहीतरी बोलली, कळलं नाही.

सोमवार, २३ मार्च

तिच्या जागी दुसरी मुलगी घेतली. समितीच्या पानावर एक ओळ — ‘पुरावा सादर न केल्याने अपात्र.’ शाळेत कळलंय. आज लवकर घरी आली, पोट दुखतंय म्हणाली. मी विचारलं, डॉक्टरकडे जाऊया? नको म्हणून मान हलवली.

कॉम्प्युटरवर चादर टाकून ठेवलीय तिने. फर्निचर झाकतात तशी.

माझ्याशी वाईट वागत नाही, हेच जास्त लागतं. विचारलं तेवढं बोलते. भांडी घासते. काल माझा डबाही भरून ठेवला. पाहुण्याशी वागावं तशी वागते.

बुधवार, २५ मार्च

दमलेय. बरोबर केलं असं रोज सकाळी स्वतःला सांगते, संध्याकाळपर्यंत टिकत नाही.

शुक्रवार, २७ मार्च

लॅबच्या मागच्या पायरीवर बसून लिहितेय. सुटून तास झाला. घरी जायला पाय उचलत नाहीत.

आज लॅबमधल्या सगळ्यांची आरोग्य तपासणी होती, दवाखान्याची गाडी आली होती. डोळे उत्तम. छाती साफ. मग एका छोट्या खोलीत बसवून हेडफोन घातले, हातात एक बटण दिलं. ‘आवाज आला की दाबायचं.’ आधी जाडेभरडे आवाज आले. दाबत गेले. मग शांत. मी बटणावर अंगठा धरून पुढच्या भागाची वाट बघत बसले. चांगली दोन-तीन मिनिटं.

तपासणाऱ्या बाईने दार उघडलं. ‘झालं. या बाहेर.’

मी म्हटलं, ‘बारीक आवाजांचं राहिलं ना अजून?’

तिने कागद माझ्याकडे वळवला. ‘ते सगळे वाजवून झाले, ताई.’