मधल्या माणसानं साखर घालू नये

बाबा,

लेथवाल्या मामांनी तुम्हाला शिकवलेला तो शब्द आज अड्यारच्या आमच्या ऑफिसात माझ्या पुढ्यात येऊन बसला, आणि अजून उठायला तयार नाही. म्हणून लिहायला घेतलंय. मी दुभाषी झाले हे तुम्हाला ठाऊक नाही. तुम्ही गेलात तेव्हा मी कॉलेजात होते आणि पोरगी बँकेच्या परीक्षेला बसणार असं तुम्ही अख्ख्या कॉलनीला सांगून ठेवलं होतं. बँक राहिली. मी मानवी हक्कांचं काम करणाऱ्या एका संस्थेत आहे. बाहेरदेशीचे पाहुणे येतात, इथली माणसं त्यांच्यापुढे आपलं गाऱ्हाणं मांडतात, आणि मी मध्ये बसून तमिळचं इंग्रजी नि इंग्रजीचं तमिळ करते. मराठीचा तिथे काही उपयोग नाही. ती आता आईशी फोनवर आणि मनातल्या मनात तुमच्याशी, एवढीच उरली आहे. तेव्हा एखाद्या वाक्याला तमिळ वळण लागलं तर चालवून घ्या.

तुम्ही कराडहून आवडीच्या सरकारी कारखान्यात आलात. गावाचं नाव आवडी, पण आईला ते काही केल्या आवडलं नाही, हा तुमचा ठरलेला विनोद होता आणि त्यावर फक्त तुम्हीच हसायचात. तमिळ तुम्ही ऐकून ऐकून उचललंत, आणि पुरतं उचलायच्या आत गेटवरच्या सभेत भाषणाला उभे राहिलात. कंत्राटी कामगारांना कॅन्टीनमध्ये बसू देत नसत, त्यांनी डबे घेऊन कंपाउंडच्या भिंतीशी बसायचं, हे तुमच्या डोक्यात गेलं होतं. तुम्ही हात उंच करून ओरडलात, "यांनाही अधिकारम वेणुम!" तुम्हाला म्हणायचं होतं, यांनाही अधिकार हवेत. पण तमिळमध्ये अधिकारम म्हणजे सत्ता, साहेबी, दुसऱ्यावर चालवायचा हुकूम. समोरच्या लोकांना वाटलं, हा मराठी माणूस भिंतीशी बसणाऱ्या पोरांना थेट साहेब करा म्हणतोय. लोक हसले, काहींनी टाळ्याही वाजवल्या, आणि तुमचं नाव 'अधिकारम' पडलं ते निवृत्तीपर्यंत. बाजारात भाजीवालासुद्धा त्याच नावानं हाक मारायचा आणि तुम्ही ओ द्यायचात.

त्या संध्याकाळी लेथवर काम करणारे मामा आपल्या क्वार्टरवर आले. ते तुमचे सोबती, माझे काही नात्यानं मामा नव्हेत, पण मी बोलायला लागल्यापासून मामाच. आई थालीपीठं लावतेय, तुम्ही दाराशी तोंड पाडून बसला आहात, मी तुमच्या मांडीला टेकले आहे. मामा सरळ ओट्याशी जातात, झाकण उचलतात, एक थालीपीठ मोडून तोंडात टाकतात. मग तमिळमध्ये म्हणतात, "मी विचारलं का? नाही. का नाही? कारण हे माझंच घर आहे. याला म्हणतात उरिमै. तुला सभेत तो शब्द पाहिजे होता." तुम्ही मांडीवर थाप मारलीत. "अगं, म्हणजे हक्क! हक्काचं घर, हक्कानं मागणं. तोच की हा!" तुम्हाला एवढा आनंद झाला होता की आईनं मामांकडे पाहिलेलं तुमच्या लक्षात आलं नाही. झाकणाला परका हात लागला म्हणून ती धुमसत होती. तिनं तव्यावरून नजर न काढता म्हटलं, "मामाची मुलगीही हक्काचीच म्हणतात. तिला विचारतंय का कोणी?" आई तुमच्या मामाचीच मुलगी होती. लेथवाल्या मामांनी मला विचारलं, आई काय म्हणाली, तर मी सांगितलं, थालीपीठ कसं झालंय विचारतेय.

ते तुम्ही ऐकलंत. तुम्हाला माझा राग आला नाही, पण मामा गेल्यावर तुम्ही मला समोर बसवलंत. त्याच आठवड्यात नळावरून आईचं आणि शेजारच्या अक्कांचं भांडण झालं होतं आणि मध्ये मी होते. अक्कांनी आईला अडाणी म्हटलं, ते मी "तुम्हाला इथलं माहीत नाही" असं करून सांगितलं. आईनं अक्कांना जे म्हटलं ते मी सांगितलंच नाही. दोघी दोन दिवस गोड राहिल्या आणि मग सगळं बाहेर आल्यावर दोघींनी मिळून मला झापलं. तुम्ही म्हणालात, "मधल्या माणसानं साखर घालू नये. कडू असेल तर कडू पोचू दे. ज्याचं त्याला गिळता येतं." माझ्या धंद्याचं शिक्षण एवढंच झालं. पुढे ज्या कोर्समध्ये हेच इंग्रजीत शिकवलं, त्याला फी होती.

आज सुनावणी घरकाम करणाऱ्या बायकांची होती. अध्यक्ष म्हणून एक गोरे, पिकल्या केसांचे गृहस्थ, आणि त्यांच्याशेजारी पूर्वेकडच्या एका देशातून आलेली बाई, माझ्याच वयाची. समोर पेरुंगुडीच्या एका मोठ्या सोसायटीतले कमिटीचे गृहस्थही बोलावले होते, त्यांचीही बाजू ऐकायला. ते अगदी सभ्यपणे म्हणाले, "हक्क ही तुमच्याकडची भाषा झाली. आमच्याकडे कामवाली घरचीच असते. आम्ही नात्यानं राहतो, कायद्यानं नाही. प्रत्येक समाजाची रीत वेगळी." पूर्वेकडची बाई म्हणाली, "आमचे राज्यकर्ते हेच म्हणतात. आमची संस्कृती वेगळी, असं म्हणतात आणि रात्री माणसं उचलून नेतात. रीत वेगळी असं नेहमी वरचा माणूसच का सांगतो?" अध्यक्षांनी मान डोलावली. त्यांचा देश जगाला हक्कांवर भाषणं देतो आणि बोटीतून जीव घेऊन आलेल्यांना किनाऱ्याला लागू देत नाही, हे मला माहीत होतं. तरी मी त्यांच्या मान डोलावण्याचंही तमिळ केलं, कारण दुभाष्याला मत नसतं. खरं सांगते, तिघांचाही राग आला होता मला, आणि तिघांचंही थोडंथोडं पटलंही होतं.

मग घरकाम करणाऱ्यांतली एक बाई उठली. पेरुंगुडीतच राहते, त्याच सोसायटीत एका घरी पाट्टीला, म्हणजे घरातल्या म्हाताऱ्या आजींना, सांभाळायला होती. पगार, सुट्टी, कामवाल्यांसाठी वेगळी लिफ्ट, याबद्दल तिच्या आधी बायका बोलून गेल्या होत्या. हिला त्यातलं काहीच बोलायचं नव्हतं. पाट्टी अंथरुणाला खिळल्यापासून हिनं तिला न्हाऊ घातलं, भरवलं, तिचं सगळं काढलं. हिनं भरवल्याशिवाय पाट्टी तोंड उघडत नसे. एका सकाळी ही कामावर गेली तर फाटकातच कळलं की पाट्टी गेली. ही उलट्या पावली घरी गेली, अंघोळ केली, आणि पदराच्या टोकाला मूठभर तांदूळ बांधून आली. इथली रीत तुम्हाला माहीत आहे, माणूस गेलं की त्याच्या तोंडात जवळची माणसं तांदूळ घालतात, शेवटचा घास म्हणून. दारात पाट्टीचा मुलगा उभा होता. म्हणाला, आज फक्त घरची माणसं. ही खाली वॉचमनच्या खुर्चीशी उभी राहिली. पाट्टीला नेणारी गाडी तिच्या समोरून गेली आणि तांदूळ पदरातच राहिले. हे सगळं तिनं सपाट आवाजात सांगितलं, आणि मग म्हणाली, "एनक्कु उरिमै इरुंददु."

माझी उरिमै होती. एवढंच वाक्य, बाबा, आणि माझी जीभ अडकली. इंग्रजीत 'हक्क' म्हटलं तर ते विचारणार, कुठल्या कायद्यातला? 'जवळीक' म्हटलं तर ते दुःखानं मान हलवणार आणि पुढच्या बाईला बोलावणार. तिनं एका शब्दात दोन्ही म्हटलं होतं आणि मला एकच उचलायची परवानगी होती. मला तुम्ही दिसलात, हात उंच करून चुकीचा शब्द ओरडणारे. मी म्हटलं, "मला तो हक्क होता."

"कुठला हक्क?" अध्यक्षांनी विचारलंच. "करारात असं काही होतं का?"

मी ते तिला विचारलं. ती माझ्याकडे बघत राहिली, जणू प्रश्न माझाच होता. "रोजचा घास मी दिला," ती म्हणाली, "तर शेवटचा कोणी द्यायचा?"

कमिटीचे गृहस्थ हळू आवाजात म्हणाले, "अंत्यविधी ही घरगुती बाब आहे. त्यात संस्थेनं पडू नये."

मी ते जसंच्या तसं तमिळमध्ये सांगितलं. साखर घातली नाही. ती त्यांच्याकडे वळली आणि म्हणाली, "अय्या, आत्ताच तुम्ही म्हणालात मी घरची."

ते फोनमध्ये बघू लागले. माणूस वाईट नव्हता. अध्यक्षांनी चष्मा काढून पुसला आणि सांगितलं की आपल्याला मनापासून वाईट वाटतं, पण शिफारशींमध्ये पगार घालता येईल, सुट्टी घालता येईल, लिफ्ट घालता येईल. हे कसं घालणार? पूर्वेकडची बाई त्यांच्याशी भांडली. निदान तो शब्द तरी अहवालात तिच्याच भाषेत तसाच राहू द्या, म्हणाली. तेवढं मान्य झालं. पाट्टीला सांभाळणाऱ्या त्या बाईला मी हे समजावून सांगितलं तेव्हा ती म्हणाली, "शब्द ठेवून काय करायचंय त्यांना?" तेही मी इंग्रजीत सांगितलं.

आता तुम्ही गेलात त्या दिवसाचं सांगते. तुम्ही तिथे होतात, पण तुम्हाला काही कळत नव्हतं. आजारपणाचं ऐकून काका कराडहून आधीच आले होते, त्यामुळे सगळं त्यांच्या हातात गेलं. हॉलमध्ये तुम्हाला ठेवलंय, तोंडात तुळशीपत्र ठेवलंय, आणि दारात कारखान्यातली माणसं चपला काढतायत. भिंतीशी डबा खाणारे कंत्राटी कामगारही त्यांच्यात आहेत. तोवर ते कॅन्टीनमध्ये बसू लागले होते. मामांच्या हातात ताटलीत तांदूळ आहेत. काका आडवे झाले, "आमच्यात हे नसतं." मामा म्हणाले, "एंगळुक्कु उरिमै इरुक्कु." काका माझ्याकडे वळले, "काय म्हणतात ते?" मी म्हटलं, "आमचा हक्क आहे म्हणतात." माझं आयुष्यातलं ते पहिलं खरं भाषांतर. काकांनी एकदा त्या गर्दीकडे पाहिलं आणि बाजूला झाले. एकेक जण आला, एकेक चिमूट घालून गेला. मामांना रडू आवरेना. शेवटी ताटली माझ्यापुढे आली, मी हात घातला, आणि काका हळूच म्हणाले, "तू नको गं, पोरी. लेकीबाळींनी नाही करायचं." ते रागावून नव्हते बोलले. डोक्यावर हात ठेवून बोलले. मी हातातले दाणे परत ताटलीत सोडले. आई आतल्या खोलीत होती, तिच्यापर्यंत ताटली गेलीच नाही. त्या दिवशी माझं भाषांतर करायला कोणी नव्हतं.

म्हणून मला नात्याचा भरवसा वाटत नाही, बाबा, आणि कायद्याचाही पुरता वाटत नाही. कायद्याला तांदळाची चिमूट दिसत नाही. आणि नातं, ते दारात कोण उभं आहे त्यावर ठरतं. मामांना तुमच्यावर हक्क सांगता आला कारण ते घोळक्यानं आले होते. ती बाई एकटी होती. मी तर घरातलीच होते.

सुनावणी संपल्यावर ती आणि मी एकाच बस स्टॉपवर आलो. तिला पेरुंगुडीची बस हवी होती. ऊन उतरलं होतं. मग तिनं विचारलं, तू कुठली, तुझं तमिळ चांगलं आहे पण आमच्यातली वाटत नाहीस. मी सांगितलं, मराठी, पण जन्म इथलाच, वडील आवडीला कारखान्यात होते. "आहेत?" तिनं विचारलं. मी नाही म्हटलं. तिनं माझ्या मनगटावर हात ठेवला, असा सहज, विचारल्याशिवाय, आणि म्हणाली, "तांदूळ घातलेस ना अप्पांना?"

मी तिच्या तोंडाकडे पाहिलं. सकाळपासून तिनं एकच गोष्ट धरून ठेवली होती, की आपण त्या घरात जन्मलो असतो तर आपल्याला कोणी अडवलं नसतं.

"घातले," मी म्हटलं.

"मग बरं," ती म्हणाली. "पोटच्या मुलीला कोण अडवणार."

तिची बस आली आणि ती गेली. हे मी आईला वाचून दाखवणार नाही. इतकी वर्षं मध्ये बसून मी कुणाच्याही बोलण्यात साखर घातली नाही, बाबा. आज घातली, आणि तीही माझ्याच बोलण्यात.