नवसाचा कोंबडा लिंबावर

२० फेब्रुवारी

आजही सगळ्या कोंबड्या अंगणातल्या कडुलिंबावर! खाली नवं खुराडं रिकामं — त्याचे बांबू फाडताना माझा हात कापला, तेवढाच त्याचा उपयोग. एकेकीला काठीने उतरवलं, आत कोंबलं. सकाळी सोडल्या, संध्याकाळी पुन्हा वर.

२१ फेब्रुवारी

रानमांजराने तुरेवाली नेली. अंड्यांवर नीट बसणारी ती एकच होती. असंच चाललं तर अंगणात दाणे टिपायला मीच उरेन.

२४ फेब्रुवारी

युक्ती मला ठाऊक आहे, माहेरी मीच करायचे. काही दिवस खुराड्यातच कोंडायचं, दाणापाणी आत. मग दिवेलागणीला आपणहून तिथंच येतात. पण आधी कोंबडा कोंडायला हवा — तो जिथं चढेल तिथं बाकीच्या चढतात. आणि कोंबडा नवसाचा! मडिया गुजरातेत कामाला गेला तो दिवाळीलाही परतला नाही, तेव्हा सासूने बाबदेवाला बोललेला. नवस फिटेपर्यंत असा कोंबडा कोंडत नाहीत.

"देवाच्या जिवाला आगळ लावतेस? माझा पोरगा तिकडंच अडकेल," सासू म्हणाली.

नवरा माझाही आहे, हे तिला कोण सांगणार.

२७ फेब्रुवारी

दमले.

४ मार्च

सासू पाण्याला गेलेली बघून कोंबडा धरला, आत घातला. कोंबड्या लागल्या मागे जायला. तेवढ्यात ती हंडा घेऊन दारात! त्याला सोडलं. रात्री ती जेवली नाही. मीही भाकरी झाकून ठेवली.

९ मार्च

होळीआधीचा भगोरियाचा बाजार. गुजरातेत गेलेले वस्तीतले सगळे आले, ढोल बडवत. मडिया नाही. त्याच्याबरोबर काम करणारा गुमान भेटला.

"कामं फार आहेत गं वहिनी. शेव खाणार?"

मी काय विचारलं, हा काय सांगतोय! मग सासूने त्याला ताडाखाली गाठलं, बराच वेळ बोलत होती. वाटेत मी विचारलं, तर "येईल म्हणाला" एवढंच. मी नव्या बांगड्या भरून गेले होते. माझाच मला राग आला.

११ मार्च

आणखी एक गेली. पिसं सासूनेच गोळा केली. मला वाकवेना.

१५ मार्च

दिवेलागणीला सासूने स्वतः कोंबडा धरला, खुराड्यात घातला आणि दार धरून उभी राहिली.

"आणि नवस?" मी विचारलं.

"बोलले मी, मोडतेही मीच. देवाचं मी बघून घेईन." मग माझ्याकडे न बघता म्हणाली, "गुमानने भगोरियातच सांगितलं होतं. तिकडं दुसरी केलीय मडियानं. मूलही आहे."

कोंबड्या त्याच्या मागोमाग आत गेल्या. एकीलाही उचलावं लागलं नाही.