ऐंशी कोऱ्या पानांचा खुलासा

ती. ताईस,

साष्टांग नमस्कार (पाठ धरलीय, तेव्हा मनातल्या मनात). गुडघा कसा आहे? मी मजेत, म्हणजे कुठेही टेकलो की डोळ्यांपुढून ढग जातात, ऑफिसातसुद्धा. तुझा निरोप मिळाला की बाबांनी पाठवलेली ऐंशी कोरी पानं पोचली आणि समजायचं ते तू समजलीस. अगं, काहीही समजू नकोस! दोन वर्षांच्या अबोल्याला बाबांनी दिलेलं ते उत्तर नाही, तो माझा गाढवपणा आहे.

त्याचं झालं असं. बाबांनी आठवणी लिहिल्या आणि म्हणाले, एकच प्रत काढ, ताईला पाठव. मी त्यांना कधीतरी शिकवलं होतं की कॉम्प्युटरवर लिहिलेल्याच्या नावामागे .txt लावायचं. त्यांनी भक्तिभावाने फोल्डरलाही लावलं. मी नाव बघून फाइल समजलो आणि मजकुराची ऐंशी पानं पाडून छापणारा, सी या कॉम्प्युटर-भाषेतला माझा जुना प्रोग्राम त्यावर सोडला. आता सी म्हणजे आपले थोरले काका. दारात कोणीही येवो, ‘या, या!’ फोल्डरही फाइलसारखा उघडून दिला. वाचायला गेलं की हाताला काही लागत नाही, आणि ते सी आपणहून सांगतही नाही, आपण विचारायचं. मी विचारलंच नाही. (समोरच्या गच्चीवर एक चादर वाळत होती. वाऱ्याने फुगायची, हळूच बसायची, पुन्हा फुगायची. बराच वेळ मी तिच्यातच होतो.) प्रोग्रामने ऐंशी पानांवर इमानदारीत नुसते पानांचे आकडे छापले. बाइंडरने विचारलंसुद्धा, साहेब, असंच हवंय का? मी म्हणालो, हो, साधंच बरं.

तुझा निरोप आल्यावर तेच काम पायथन या दुसऱ्या भाषेला दिलं. ती म्हणजे मावशी! उंबरठ्यावरच ओरडली की ही फाइल नाही, फोल्डर आहे. आत एकेका पानाची एक अशा एकेचाळीस फाइली निघाल्या. बाबांना यातलं काही ठाऊक नाही, तेव्हा काय तो राग माझ्यावर काढ.

तुझा,
ढगोबा

ता.क. तू पुस्तक एका बैठकीत वाचलंस आणि रडलीस, असं मी बाबांना सांगून बसलोय. त्यांचा फोन आला तर बाराव्या पानाचं कौतुक कर.

आणखी ता.क. त्यांचा फोन येणार नाही, तूच करायचा आहेस. चार दिवस फोन मांडीवर घेऊन बसलेत, अंघोळीला जाताना मला धरायला देतात. खरं पहिलं पान सोबत जोडलंय. मी ते वाचलेलं नाही (पहिली ओळ वाचली. ‘ताई, त्या दिवशी चूक माझी होती.’). बाकीची चाळीस मागाहून पाठवतो, आधी फोन कर.