झोपाळू सुनेची गोष्ट

कानाझावा,
९ जानेवारी

सौ. किनुएवन्सं यांस,
फुसाएचा स. न. वि. वि.

तुमचं नववर्षाचं कार्ड पोचलं. दरवर्षीसारखीच एक ओळ, आणि अक्षर असं की जणू पाठवायची शिक्षाच झालीय. तरी पाठवता, हे तुमचं मोठेपण. यंदा मात्र उलट कार्ड न पाठवता पत्र लिहितेय, आणि रागाने लिहितेय, तेव्हा आधी चहा करून घ्या.

माझी सून मिहो गेल्या आठवड्यात मैत्रिणींबरोबर खासगी गाडी करून तुमच्याकडची डोंगरातली गावं बघायला आली होती. सकाळी निघायचं, बर्फातली गवती छपरं बघायची, कुठेतरी चुलीपाशी जेवायचं, दिवेलागणीला परत. गाडीवाल्याने जेवायला नेलं ते नेमकं कुरोतानीत, तुमच्या माहेरी. मिहोला ठाऊक नाही की त्या घरात मी कधीकाळी सून होते. माझ्या मुलालाही नाही. माझ्या दुसऱ्या नवऱ्याला, त्याच्या वडिलांना, सगळं ठाऊक होतं, पण मरताना ते सगळं स्वतःबरोबर घेऊन गेले.

तर मिहो जेवताना सांगत होती, की तिथले घरवाले आजोबा भलतेच गमतीदार आहेत. त्या घरात म्हणे एक सून होती, झोपाळू आणि थंडीला भिणारी. निखाऱ्याची शेगडी घेऊन ती गवताच्या कोठारात जाऊन झोपली आणि पुढच्या शाकारणीसाठी गावाने कापून ठेवलेलं सगळं गवत तिने जाळलं. मग मिहो जागेवरून उठली आणि ती सून बर्फात घसरत, गुडघे टेकत दारोदार माफी मागायला कशी गेली, शेजाऱ्यांनी तिला कसं हाकललं, ते तिने आजोबांसारखं करून दाखवलं. नातवाला हसून हसून ठसका लागला. मीही हसले, वन्सं. माझ्याच घरात, माझ्याच पानावर बसून मला हसावं लागलं.

आता ऐका. ते गवत मी जाळलं नाही. तुमच्या भावाने, माझ्या तेव्हाच्या नवऱ्याने जाळलं. एइसाकू कोठारात सिगारेट ओढायला गेला होता आणि थोटूक तिथेच टाकून आला. सासूबाईंनी मला आत नेऊन सांगितलं, की वारसाच्या नावाला काळं लागून चालणार नाही. सुनेचं काय, माहेरी जा, बोलणी थंडावली की वसंतात बोलावते. ज्याच्या हातून आग लागते त्याने घरोघर जाऊन माफी मागायची असते. ती मी मागितली, एकेका उंबऱ्यापुढे बर्फात गुडघे टेकून. वसंत आला. बोलावणं आलं नाही, घटस्फोटाचे कागद आले.

इतकी वर्षं गप्प बसले. दोष घेतला तो घेतला. पण जिच्या माथी तो मारला तिलाच नाचवून हा माणूस पाहुण्यांना हसवतो, हे मला सोसवत नाही. मी येतेय. गावासमोर त्याला खोटा पाडल्याशिवाय मला अन्न गोड लागणार नाही, आणि त्याला तुमची मदत हवी.

लोभ आहे की नाही ते ठाऊक नाही. असला तर कळवा.

तुमची एके काळची वहिनी,
फुसाए


कुरोतानी,
१४ जानेवारी

श्रीमती फुसाए यांस,
वि. वि.

पत्र मिळालं. चहा केला नाही.

आई जाऊन इतकी वर्षं झाली, ती काही उत्तर द्यायला येत नाही, हे बघूनच तुम्हाला तोंड फुटलेलं दिसतंय. तुमच्या दुःखाचा पाढा वाचलात, आता माझा ऐका. खालच्या गावच्या मास्तरांच्या मुलाशी माझं ठरलं होतं. तो सुट्टीत यायचा तेव्हा माझ्यासाठी पुस्तकं आणायचा. गवत जळलं आणि त्यांच्याकडून निरोप आला की निष्काळजी घरची मुलगी नको. मग शेजारच्या योहेईच्या गळ्यात मला बांधलं. माणूस वाईट नाही, पण दिवसात तीन वाक्यांच्या वर बोलत नाही, आणि त्यातली दोन हवामानाची. दरवर्षी कार्ड लिहिताना मी तुमच्या नावाने बोटं मोडत आलेय. अक्षर तसं का येतं ते आता कळलं असेल.

दादा थट्टेखोर आहे, खोटारडा नाही. आगीचं त्याला इतकं लागलं, की दुसऱ्या दिवसापासून त्याने सिगारेटला हात लावला नाही. गावात आजही त्याचं उदाहरण देतात. तुम्ही येऊ नका. इथे यंदा बर्फ फार आहे आणि तुमचं कोणी नाही.

कळावे.
किनुए


कुरोतानी,
१७ जानेवारी

ती. फुसाएवहिनीस,
किनुएचा शि. सा. न. वि. वि.

मागच्या पत्राच्या उत्तराची वाट न बघता हे लिहितेय. ते पत्र पेटीत टाकून घरी आले, पण मीच लिहिलेलं एक वाक्य डोक्यातून जाईना. दादाने सिगारेट सोडली. अगं, गवत शेगडीच्या निखाऱ्याने पेटलं, तर त्याने सिगारेट कशाला सोडावी? सोडायची तर शेगडी सोडायची! सगळ्या गावाने त्याच्या त्यागापुढे माना डोलावल्या, त्यात मीही, आणि एवढ्या शहाण्यांत एकालाही हे सुचलं नाही.

काल मुळे घेऊन त्याच्याकडे गेले. तो चुलीत लाकूड सारत होता. सहज विचारल्यासारखं केलं, की दादा, तू सिगारेट कशामुळे सोडलीस रे? तर म्हणाला, खोकल्यामुळे. जन्मभर गावाला सांगत आला की दुःखामुळे. आणि हे सांगताना त्याने माझ्याकडे पाहिलं नाही. नेलेले मुळे तेवढे परत घेऊन आले.

वहिनी, मास्तरांचा मुलगा पुढे मुख्याध्यापक झाला. मी कोणाच्या नावाने बोटं मोडत होते आणि कोणाला मुळे वाढत होते! तुला त्याला खोटा पाडायचाय. मला काय काय करायचंय ते पत्रात लिहिण्यासारखं नाही.

एक ऐक. ती गोष्ट गावात कोणीच ऐकलेली नाही. दुपारी त्याच्याकडे पाहुणे असले की आम्ही गावकरी तिकडे फिरकत नाही. दुसऱ्याच्या धंद्यात लुडबूड करायची नाही, अशी इथली रीत. तो आमच्या पाठीमागे आमच्याच नकला करतो हे मला आज कळतंय. तेव्हा गाडीभर माणसांचं जेवण सांग, आणि ये.

मागच्या पत्राबद्दल राग धरू नकोस. राग एकाच जागी साठवून ठेवू.

तुझी,
किनुए


कानाझावा,
२२ जानेवारी

सौ. वन्सं यांस,
स. न. वि. वि.

मुळ्यांचं वाचून आमच्या दुकानात एवढ्या मोठ्याने हसले, की मिठाई बांधून घेणारं गिऱ्हाईक दचकलं.

चार फेब्रुवारी ठरवलीय. गाडीवाला नागासे म्हणून आहे, बर्फाच्या रस्त्याला सरावलेला. जेवण त्याच्या नावाने सांगितलंय, खासगी, म्हणजे दुसरा पाहुणा नको. कानाझावाहून मी एकटीच येतेय. जेवणाच्या बाकीच्या जागा तुमच्या गावच्या माणसांसाठी आहेत. ज्यांच्या दारात मी गुडघे टेकले त्यांतले जे हयात आहेत ते सगळे हवेत. त्यांना एवढंच सांगा, की शहरातल्या एका म्हातारीला गावच्या म्हाताऱ्यांबरोबर जेवायची हौस आलीय. माझं नाव सांगू नका. त्सुरुनोआजी तर हव्यातच, गवत त्यांच्या छपरासाठी कापलेलं होतं.

मिहोला बरोबर आणावं असं मनात आलं होतं. धीर झाला नाही. तिने माझ्याकडे कसं बघावं ते आधी त्या दिवशी ठरू दे.

मायेची सवय मोडली होती, ती पुन्हा लावताय. लावा.

तुमची वहिनी,
फुसाए


कानाझावा,
६ फेब्रुवारी

सौ. वन्सं यांस,
स. न. वि. वि.

देवळाच्या छपरावरचा बर्फ उतरवायची पाळी नेमकी त्याच दिवशी तुमच्या घरची निघाली आणि तुम्ही कामावरच्या माणसांसाठी रांधण्यात अडकलात. इकडे घाट बंद व्हायच्या भीतीने नागासेने मला अक्षरशः गाडीत कोंबलं, म्हणून उभ्या उभ्याही भेट झाली नाही. झालं ते मीच सांगते.

तोंडाला मास्क, डोक्यावर लोकरीची टोपी. एइसाकूने मला कोणी मालदार म्हातारी समजून अदबीने चुलीपाशी बसवलं. मग मागून त्सुरुनोआजी आणि एकेक जण शिरले. तो चमकला. तुम्ही सगळे इकडे कसे, असं त्याने विचारलं, तर आजी म्हणाल्या की फुकट जेवण मिळतंय, तुझ्या बापाचं काय जातंय? जेवण चांगलं होतं, खोटं कशाला बोलू. काडीला लावून भाजलेले मासे, पानावर परतलेली मिसोची चटणी, लाल सलगमाचं लोणचं. मास्क घासापुरता खाली ओढत, मान खाली घालून पोटभर जेवले. भांडायचं तर उपाशीपोटी कशाला?

मग म्हटलं, आजोबा, झोपाळू सुनेची गोष्ट सांगा ना, माझी सून फार वाखाणत होती. तो म्हणाला आज नको, ह्या मंडळींना ती ठाऊक आहे. आजी म्हणाल्या, आम्हाला कुठे रे ठाऊक, सांग की. नाही म्हणायला त्याला कारण सापडेना.

सुरुवात चाचरत केली. पण हा माणूस एकदा गोष्टीत शिरला की समोर कोण बसलंय ते विसरतो. सून पेंगली, सून घसरली, आणि सून त्सुरुनोआजींच्या दारात आली तेव्हा आजींनी तिच्या अंगावर राखेची बादली ओतली, असं त्याने आजींच्याच आवाजात करून दाखवलं. आणि आजी त्याच्या समोर! कोणी हसलं नाही. आजींनी जेवायच्या काड्या खाली ठेवल्या आणि म्हणाल्या, मेल्या, मी राख कधी ओतली? मी त्या पोरीला आत घेतलं, पाय पुसले, कोरडे मोजे दिले.

मी टोपी, मास्क दोन्ही काढलं आणि म्हटलं, मोजे लाल होते, आजी. एका अंगठ्याला रफू केलेलं होतं.

चुलीतलं लाकूड पुढे सारायचं त्याला भान राहिलं नाही. सगळ्यांच्या देखत मी त्याला विचारलं, की कोठारात त्या दिवशी सिगारेट कोण ओढत होतं? तो म्हणाला, आईने सांगितलं तसं केलं. म्हटलं, आगीचं खापर खुशाल आईवर फोड. गोष्ट कोणी रचली? ती तर आई गेल्यावरची आहे ना? म्हातारी माणसं एकेक करून उठली, मला वाकून नमस्कार केला, आणि त्याच्याकडे न बघता निघून गेली. मी त्याला एवढंच सांगितलं, की उद्या उजाडलं की दारोदार जायचं. मी गेले होते तसं.

लोक म्हणतात सूड घेतल्यावर माणसाला रितं रितं वाटतं. ज्यांना वाटत असेल त्यांनी तो अर्धवट घेतला असेल. मी गाडीत सबंध घाटभर गाणं म्हणत आले. घरी येऊन मिहोला आणि मुलाला सगळं सांगितलं. मिहो रडली. केलेल्या नकलेबद्दल दोन दिवस माफी मागतेय, आणि मी तिला ती मागू देतेय.

तुमच्या बाजूचं कळवा. जीव तिकडेच लागलाय.

तुमची वहिनी,
फुसाए


कुरोतानी,
२५ फेब्रुवारी

ती. वहिनीस,
किनुएचा शि. सा. न. वि. वि.

उत्तराला उशीर झाला, पण मधे जे झालं ते पुरतं झाल्याशिवाय लिहायचं नव्हतं.

तू सांगितल्याप्रमाणे दादा दारोदार गेला. गुडघे टेकले, मान खाली घातली. लोकांनी ऐकून घेतलं आणि थंडी फार आहे, घरी जा, म्हणाले. आमच्या दारात आला तेव्हा योहेई पुढे झाला. जन्मात जो बोलत नाही तो म्हणाला, की माझ्या बायकोला दुसऱ्या घरी जायचं होतं हे मला लग्नाच्या दिवसापासून माहीत आहे. तिचं तू जे नेलंस ते मी तुला माफ करू शकत नाही. आणि त्याने दार लावून घेतलं. मी आत भांडं धरून उभी होते. त्याला माहीत होतं, वहिनी! त्या दिवशी मी त्याच्या आवडीचं सगळं रांधलं, आणि तो मला म्हणाला की उद्या बर्फ पडेल.

पण कुत्र्याचं शेपूट नळीत घातलं तरी वाकडंच. आठ दिवसांत दादाने गोष्ट बदलली. आता तो पाहुण्यांना सांगतो, की आग मीच लावली आणि निरपराध बायकोला घालवून दिलं. नेमक्या जागी आवाज कापतो, नेमक्या जागी डोळे भरतात. बायका हातरुमाल काढतात, त्याचे हात धरतात, असा सच्चा माणूस पाहिला नाही म्हणतात. दारात गाड्यांची रांग लागायला लागली. आग लावली त्याने, अब्रू गेली तुझी, लग्न मोडलं माझं, आणि आता पश्चात्तापाचं पीकही त्याच्याच पदरात!

म्हणून परवा मी जाऊन पाहुण्यांत बसले. त्याचे डोळे भरले तशी मी वाटी खाली ठेवली आणि म्हटलं, मंडळी, माझा भाऊ थोडं सांगायचं विसरला. परवापरवापर्यंत तो ह्याच जागी बसून त्याच बायकोची नक्कल करायचा आणि तुमच्यासारख्यांना हसवायचा. दादा, ती घसरायची कशी, दाखव ना यांना. हातरुमाल होते तिथेच थांबले. त्या दिवशी कोणी त्याचा हात धरला नाही. काल पुन्हा गेले, पुन्हा तेच सांगितलं.

आज सकाळी बघते तर त्याने दारावरची जेवणाची पाटी उतरवून बर्फात ठेवलेली. मला म्हणाला, किनुए, आता गोष्ट नको, पाहुणे नकोत, म्हातारपणी जरा शांतता हवी.

शांतता हवी म्हणे! मी पाटी उचलली, बाहीने पुसली आणि होती तिथे टांगली. त्याला सांगितलं, की ही गोष्ट कधी थांबवायची ते तू ठरवायचं नाहीस. दुपारी पाहुणे येतील, तू सांगशील, आणि तू सोडशील तिथून पुढचं मी सांगेन. उद्याही, पुढच्या हिवाळ्यातही.

चुलीवरचं उतरवून निघायला हवं, पहिली गाडी पुलापाशी दिसतेय. माझ्यावर जीव असू दे. दादाचं काय ते माझ्यावर सोपव.

तुझी नणंद,
किनुए